डिसइंटरेस्टेड म्हणजे रस नसलेला नव्हे

'हल्लीची मुलं वाचनाबाबत अगदी डिसइंटरेस्टेड आहेत.' पालकसभेत, मुलाखतीत, लेखात, हे वाक्य इतक्या वेळा कानावर आणि डोळ्यांवर पडतं की आता ते चुकीचं आहे असं कुणाला वाटतही नाही. म्हणणाऱ्याला म्हणायचं असतं, मुलांना वाचनात रस नाही. त्यासाठी इंग्रजीत साधा, सोपा, सरळ शब्द आहे: अनइंटरेस्टेड. त्याच्याबद्दल मी याहून जास्त काही सांगणार नाही, कारण तो सगळ्यांना कळतो. कंटाळा आला, लक्ष नाही, पर्वा नाही, की तो वापरायचा. विषय संपला.

अडचण आहे ती दुसऱ्या शब्दाची. डिसइंटरेस्टेड म्हणजे ज्याचा त्या प्रकरणात स्वतःचा फायदा-तोटा गुंतलेला नाही असा. रस असेल, भरपूर असेल, पण स्वार्थ नाही. बोलण्याच्या ओघात दोन्हींची अदलाबदल झाली तर फार काही बिघडत नाही. कागदावर झाली की मात्र अर्थ थेट उलटतो.

मी इंग्रजी दस्तऐवजांची मराठी भाषांतरं तपासतो. काही वर्षांपूर्वी एका गृहनिर्माण संस्थेच्या पुनर्विकासाचा करार माझ्याकडे आला होता. सभासद आणि विकासक यांच्यात मोजमापावरून वाद झाला तर तो कुणी सोडवायचा, याचं कलम होतं. मूळ इंग्रजीत 'डिसइंटरेस्टेड पर्सन' असं होतं, आणि मराठीत उतरलं होतं 'सदर प्रकरणात रस नसलेली व्यक्ती'. संस्थेतल्या एका आजोबांनी बैठकीत ते वाचलं आणि विचारलं, 'ज्याला रसच नाही, त्याच्याकडे आम्ही आमच्या घराचं भांडण कशाला न्यायचं?' आजोबांचं शंभर टक्के बरोबर होतं. त्या कलमाला हवा होता तो माणूस नकाशे बारकाईने बघणारा, फूटपट्टी घेऊन जिने चढणारा, दोन्ही बाजूंचं पूर्ण ऐकून घेणारा. फक्त त्याचा त्या इमारतीत फ्लॅट नको आणि विकासकाकडे नोकरीला असलेला मेहुणा नको. म्हणजे रस हवा, हितसंबंध नको.

गोंधळाचं मूळ 'इंटरेस्ट' या एकाच शब्दात आहे. लॅटिनमध्ये 'इंटर' म्हणजे मध्ये आणि 'एसे' म्हणजे असणे. मध्ये असणे, त्यावरून 'फरक पडणे', 'महत्त्वाचं असणे'. मध्ययुगीन युरोपात कर्जावर व्याज घेणं चर्चला मंजूर नव्हतं. पण पैसे वेळेवर परत न आल्यामुळे सावकाराचं जे नुकसान होई, त्याची भरपाई मागता येत असे, आणि त्या भरपाईला 'इंटरेसे' म्हणत. बँकेच्या पासबुकातला आजचा इंटरेस्ट तिथून आला. मालमत्तेतला हिस्सा, धंद्यातला हितसंबंध हे अर्थही याच पैशाच्या आणि हक्काच्या बाजूचे. मनाला वाटणारी गोडी हा अर्थ इंग्रजीत बराच नंतर रुळला.

मराठीत या तिन्हींना आपण तीन वेगळे शब्द ठेवले आहेत: व्याज, हितसंबंध, रस. त्यामुळे खरं तर हा फरक इंग्रजांपेक्षा आपल्याला लवकर कळायला हवा. इंग्रजी शब्द समोर आला की आधी मनात विचारायचं, यातला इंटरेस्ट कुठला? रसाचा असेल तर 'अन' लावा. हितसंबंधाचा असेल तर 'डिस'. बहुतेक वेळा एवढं पुरतं. वाक्यातही एक खूण सापडते. पुढे 'इन' येऊन एखादा छंद, विषय किंवा काम आलं असेल, तर लिहिणाऱ्याला जवळजवळ नेहमी रस नसणंच म्हणायचं असतं. पुढे साक्षीदार, सल्ला, निर्णय, पंच, मैत्री असं नाम आलं असेल, तर अर्थ स्वार्थ नसण्याचा असतो.

'स्वारस्य' या शब्दावर माझा राग आहे, तो इथेच सांगून टाकतो. सरकारी मराठीत 'स्वारस्य' रसालाही वापरतात आणि हितसंबंधालाही. 'स्वारस्याची अभिव्यक्ती' मागवणारी निविदा रसाबद्दल बोलत असते, तर 'संचालकाने आपले स्वारस्य उघड करावे' हे वाक्य पैशाबद्दल. इंग्रजीने करून ठेवलेला घोळ आपण आपल्या भाषेत मुद्दाम का आणावा? हितसंबंध हा स्वच्छ शब्द आपल्याकडे आहे. तोच वापरावा.

आता प्रामाणिकपणे एक गोष्ट मान्य करायला हवी, कारण या फरकाचा आग्रह धरणारे बरेच जण ती लपवतात. इतिहास आमच्या बाजूने नीट उभा राहत नाही. सतराव्या शतकात जॉन डन या कवीच्या गद्य लेखनात डिसइंटरेस्टेड हा शब्द 'रस नसलेला' याच अर्थाने येतो. आणि त्याच शतकात अनइंटरेस्टेडचा अर्थ होता निःपक्षपाती! दोघांनी पुढे जागा बदलल्या, आणि अठराव्या शतकात आजची वाटणी पक्की होत गेली. आजचे मोठे इंग्रजी शब्दकोश डिसइंटरेस्टेडचा 'रस नसलेला' हा अर्थही नोंदवतात. म्हणून तो वापरणाऱ्याला अडाणी ठरवणं मला पटत नाही.

तरीही मी तो अर्थ माझ्या हातून लिहिणार नाही. रस नसलेल्यासाठी इंग्रजीत डझनभर शब्द आहेत. स्वार्थ नसलेल्यासाठी हा एक आहे, आणि त्याची जागा दुसरा कुठलाच शब्द भरून काढत नाही. 'इम्पार्शियल', म्हणजे निःपक्षपाती, आहे ना, असं लोक म्हणतात. खरी ठेच लागते ती याच ठिकाणी, म्हणून इथे जरा थांबतो.

इम्पार्शियल हे वागण्याचं वर्णन आहे, डिसइंटरेस्टेड हे जागेचं. दिवाळीत दोन मुलांना लाडू वाटणारी आई घ्या. दोघांना सारखे, एक दाणा इकडचा तिकडे नाही. ती इम्पार्शियल आहे. पण ती डिसइंटरेस्टेड नाही, कसं शक्य आहे? दोन्ही मुलं तिचीच आहेत. आता उलट बाजू बघा. शेजारच्या गावातला एखादा गृहस्थ तुमच्या बांधाच्या भांडणात पंच म्हणून बसला. त्याची तिथे जमीन नाही, नातं नाही, देणंघेणं नाही. तो पुरता डिसइंटरेस्टेड आहे. पण त्याच्या मनात तुमच्या जातीबद्दल अढी असेल, तर तो इम्पार्शियल नाही. स्वार्थ नसणं आणि पूर्वग्रह नसणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. एक बाहेरून तपासता येते: कागद बघा, नाती बघा, पैसा कुठे जातो ते बघा. दुसरी माणसाच्या मनात असते. म्हणूनच करारात डिसइंटरेस्टेड लिहितात. तो अटीसारखा तपासता येणारा शब्द आहे. तिथे 'निःपक्षपाती' असं भाषांतर करणं हीदेखील चूकच, जरा कमी दिसणारी.

आपल्या न्यायालयांनी ही रेघ फार नीट ओढली आहे. खुनाच्या खटल्यात मृताची बायको किंवा भाऊ साक्षीला आला की बचावाचे वकील म्हणतात, हा इंटरेस्टेड साक्षीदार आहे, याच्यावर विश्वास ठेवू नका. 1981 मध्ये राजस्थान सरकार विरुद्ध कल्की या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केलं की नातेवाईक असणं म्हणजे हितसंबंधी असणं नव्हे. ज्याला निकालातून काही लाभ होणार आहे, किंवा आरोपीला शिक्षा झालेली बघण्यात ज्याचा काही हेतू आहे, तोच हितसंबंधी. त्याआधी 1953 मध्ये दलीप सिंग प्रकरणातही न्यायालयाने म्हटलं होतं की जवळचा नातेवाईक खऱ्या गुन्हेगाराला सोडून निरपराध माणसाला गोवण्याची शक्यता सहसा कमीच. आता या निकालांचं भाषांतर करताना 'इंटरेस्टेड विटनेस' म्हणजे 'उत्सुक साक्षीदार' लिहिलं तर काय उरतं?

मराठीत याला शब्द कुठला? चटकन सुचतो तो 'उदासीन', आणि इथे आपल्याच भाषेत तोच घोळ झालेला दिसतो. संस्कृतात उदासीन म्हणजे बाजूला बसलेला, कुठल्याच पक्षात नसलेला. कौटिल्याच्या मंडलसिद्धान्तात, म्हणजे राजाराजांतल्या संबंधांच्या मांडणीत, अरि (शत्रू), मित्र, मध्यम यांच्या जोडीला उदासीन राजा येतो. तो झोपाळू नाही, उलट बलाढ्य आहे, फक्त या भांडणात नाही. गीतेच्या बाराव्या अध्यायात भक्ताचं वर्णन 'अनपेक्षः शुचिर्दक्ष उदासीनो गतव्यथः' असं आहे. दक्ष आणि उदासीन हे शब्द एका ओळीत, शेजारी शेजारी! पूर्ण जागा आणि तरीही स्वतःसाठी काही न मागणारा. डिसइंटरेस्टेडचा याहून नेमका अर्थ मला आजवर कुठे सापडलेला नाही.

पण आजच्या मराठीत 'प्रशासन उदासीन आहे' म्हटलं की कुणाच्या डोळ्यांपुढे गीता येत नाही, रिकाम्या खुर्च्या येतात. शब्द घसरला आहे, आणि घसरलेला शब्द करारात जुन्या अर्थाने वापरणं म्हणजे वाचणाऱ्याला फसवणं. म्हणून उदासीन आता अनइंटरेस्टेडकडेच जाऊ द्यावा.

माझी पसंती तीन शब्दांना. व्यवहारात 'त्रयस्थ'. माणसाच्या स्वभावाबद्दल 'निःस्पृह'. कायद्याच्या कागदात कुठलाही अलंकार न वापरता 'हितसंबंध नसलेला'. 'तटस्थ' मी टाळतो. तटावर उभा राहिलेला हे चित्र सुंदर आहे, पण रोजच्या बोलण्यात तटस्थ म्हणजे मत न देणारा, हात वर करायची वेळ आली की गप्प बसणारा, असा वास त्याला लागला आहे. डिसइंटरेस्टेड माणूस मत देतो. कधी कधी फार कठोर देतो.

निःस्पृह म्हटलं की मराठी माणसाला रामशास्त्री प्रभुणे आठवतात. 1773 मध्ये शनिवारवाड्यात नारायणराव पेशव्यांचा खून झाल्यावर त्यांनी राघोबादादांना देहांत प्रायश्चित्त सांगितलं. ज्याच्या हाती सत्ता, त्यालाच. या माणसाला त्या प्रकरणात रस नव्हता असं म्हणण्याची कुणाची छाती होईल? रस होता, अस्वस्थता होती. नव्हती ती पदाची हाव.

क्रिकेटमध्येही हेच. यजमान देशाचेच पंच असण्यावरून कित्येक वर्षं तक्रारी होत्या. 1986 मध्ये पाकिस्तान आणि वेस्ट इंडीज यांच्यातल्या लाहोर कसोटीला दोन्ही पंच भारतीय होते, व्ही. के. रामस्वामी आणि आपल्या मुंबईचे पिलू रिपोर्टर. ते डिसइंटरेस्टेड होते म्हणूनच त्यांना बोलावलं होतं. दिवसभर प्रत्येक चेंडूवर नजर रोखून उभे राहणाऱ्या त्या दोघांना अनइंटरेस्टेड म्हणून बघा, म्हणजे दोन शब्दांतलं अंतर कानालाच कळेल.

कलेच्या चर्चेत जर्मन तत्त्वज्ञ कांटने 1790 मध्ये हाच शब्द मध्यभागी आणून ठेवला. सौंदर्याचा आनंद 'हितसंबंधरहित' असतो, असं त्याचं म्हणणं. आंब्याच्या पेटीचं चित्र बघताना मला ते चित्र विकत घ्यायचं नाही, आंबेही खायचे नाहीत, तरी मी हलत नाही. तिथेही 'रसहीन आनंद' असं भाषांतर मी एकदा छापलेलं वाचलं आहे, आणि अजून विसरू शकलेलो नाही.

एक बारकावा राहिला. 'डिसइंटरेस्ट' हे नाम आता बहुतेक करून अनास्थेसाठीच वापरतात, ती लढाई गेली. निःस्वार्थीपणा म्हणायचा असेल तर लांबलचक 'डिसइंटरेस्टेडनेस' लिहावं लागतं. विज्ञानाने कुठल्या मूल्यांवर चालावं हे सांगताना रॉबर्ट मर्टन या समाजशास्त्रज्ञाने 1942 मध्ये हाच लांब शब्द निवडला होता.

त्या पुनर्विकासाच्या करारात शेवटी मी लिहिलं: 'या व्यवहारात ज्याचा प्रत्यक्ष वा अप्रत्यक्ष कोणताही हितसंबंध नाही असा त्रयस्थ अभियंता.' आजोबांनी पुढच्या बैठकीत ते दोनदा मोठ्याने वाचलं, चष्मा काढला आणि म्हणाले, 'हां, असा माणूस चालेल.'