लोकवर्गणीतून आलेलं शिडाचं जहाज

ग्वाल्हेरपासून समुद्र शेकडो मैल लांब. तरी जहाज हा विषय इथल्या मराठी मंडळींना परका नाही. पहिल्या महायुद्धात माधवराव महाराज शिंदे यांनी ‘एम्प्रेस ऑफ इंडिया’ हे प्रवासी जहाज घेतलं आणि ‘लॉयल्टी’ या नावानं ते जखमी सैनिकांचं इस्पितळ म्हणून चाललं. पुढे ते वालचंद हिराचंद, नरोत्तम मोरारजी यांच्या सिंदिया कंपनीकडे गेलं. ५ एप्रिल १९१९ रोजी ते मुंबईहून लंडनला निघालं. राष्ट्रीय सागरी दिन त्याच तारखेचा. जहाज मात्र १९२३ मध्ये मोडीत निघालं. जहाज जतन व्हायचं तर त्यामागे काय उभं असावं लागतं, हे पाहायचं असेल तर पोलंडच्या ‘दार पोमोझा’ या शिडाच्या जहाजाची हकिकत वाचावी.

मूळचं ते जर्मन. १९०९ मध्ये हॅम्बुर्गच्या ब्लोम उंड फोस गोदीत खलाशी पोरांच्या प्रशिक्षणासाठी बांधलेलं, तीन डोलकाठ्यांचं, सुमारे ९१ मीटर लांब. युद्धानंतर भरपाई म्हणून फ्रान्सनं ते घेतलं, पण वापरलं नाही.

इकडे १९१८ मध्ये पोलंड सव्वाशे वर्षांनी पुन्हा नकाशावर आला होता. किनारा जेमतेम, दर्यावर्दी त्याहून कमी. १९२० मध्ये सागरी विद्यालय निघालं तेही त्चेव या नदीकाठच्या गावात. पहिलं प्रशिक्षण जहाज ‘ल्वुव’ १८६९ सालचं होतं आणि त्याचं पहिलं नाव बंगालमधल्या चिनसुरा गावावरून ठेवलेलं! ते थकलं तेव्हा पोमेरेनिया प्रांतातल्या लोकांनी वर्गणी काढली आणि १९२९ मध्ये फ्रान्समधलं हे जहाज विकत घेतलं. ‘दार पोमोझा’, म्हणजे ‘पोमेरेनियाची भेट’, हे नाव त्यातूनच आलं.

भेट हाती येण्याआधीच बुडायची वेळ आली होती. इंजिन बसवण्यासाठी जहाज डेन्मार्कला ओढून नेत असताना, डिसेंबरच्या वादळात फ्रान्समधल्या ब्रिटनी प्रांताच्या किनाऱ्याजवळ ओढणाऱ्या बोटीचा दोर सुटला. समोर खडक, आधार फक्त नांगरांचा, आणि जहाज खडकांकडे सरकत चाललेलं. ते वाचलं हे नशीबच. १९३० मध्ये ते पोलंडच्या ग्दिनिया बंदरात पोचलं.

त्यानंतरची पन्नास वर्षं या जहाजानं पोलंडचे खलाशी घडवले. पोरं झुल्यांत झोपत, पहाटे उठून डेक घासत, आणि हुकूम झाला की वाऱ्यात दोरांच्या शिडीनं वर चढून आडव्या काठीवर पोट टेकून शीड गुंडाळत. १९३४-३५ मध्ये जहाजानं पृथ्वीप्रदक्षिणा केली. १९३७ मध्ये दक्षिण अमेरिकेच्या टोकाला असलेल्या केप हॉर्नला वळसा घातला. पोलिश जहाजानं हे पहिल्यांदाच केलं. १९३९ मध्ये युद्ध पेटलं तेव्हा ते स्वीडनमध्ये होतं. तटस्थ स्वीडननं ते अडकवून ठेवलं आणि त्यामुळेच ते शाबूत राहिलं. १९४५ मध्ये परत आल्यावर पुन्हा पोरं शिडांवर चढली. १९७२ च्या मोठ्या शिडांच्या शर्यतीत तर त्यानं पहिला नंबर काढला. एकूण तेरा हजारांहून जास्त विद्यार्थी इथे शिकले आणि जहाज पाच लाख सागरी मैलांहून अधिक फिरलं.

१९८२ मध्ये ते निवृत्त झालं आणि पुढच्याच वर्षी ग्दिनियाच्या धक्क्यावर संग्रहालय म्हणून खुलं झालं. पाण्यात उभं असलेलं पोलादी जहाज सांभाळणं खर्चाचं असतं. तळाला गंज चढतो, अधूनमधून गोदीत न्यावंच लागतं. आपल्या ‘विक्रांत’चं काय झालं ते आठवा. मुंबईत २००१ पासून तिच्यावर संग्रहालय होतं, २०१२ मध्ये ते बंद पडलं आणि २०१४ मध्ये तोडकाम सुरू झालं. जपायची इच्छा होती, पण कायमचा पैसा आणि जबाबदारी घेणारी संस्था उभी राहिली नाही, असं मला वाटतं. ‘दार पोमोझा’ला देशाच्या सागरी संग्रहालयानं आपली शाखा करून घेतलं. शिवाय तिथल्या जुन्याजाणत्या कप्तानांनी त्याच जहाजावर पहिली शिडं ओढलेली. पुढच्या पोरांसाठी बांधलेल्या ‘दार म्वोजेझी’ या जहाजालाही लोकांनी वर्गणी दिली, आणि ते आजही विद्यार्थ्यांना घेऊन समुद्रावर जातं.