सिटकॉमचा अखेरचा भाग

सिटकॉमचा अखेरचा भाग : तीच पात्रे, तीच जागा आणि दर भागात नवा गोंधळ अशी रचना असलेल्या विनोदी दूरचित्रवाणी मालिकेचा समारोप करण्यासाठी मुद्दाम लिहिलेला भाग. एखादी मालिका बंद पडली आणि त्या आठवड्यात जो भाग दाखवला गेला तो शेवटचा ठरला, एवढ्याने तो या अर्थी 'अखेरचा' होत नाही. मालिका संपणार हे लेखकाला आधी ठाऊक असावे लागते, आणि पात्रांनाही आपले काहीतरी संपते आहे याची जाणीव व्हावी लागते. अमेरिकेत १९७० च्या दशकात ही पद्धत रुळली. हिंदी-मराठी मालिकांचे माहेरघर असलेल्या मुंबईत विनोदी मालिका चार दशकांहून अधिक काळ बनत आहेत. तरी लक्षात राहणारे असे शेवट तिथे फारच थोडे सापडतात. याची कारणे लेखणीपेक्षा व्यवहारात अधिक आहेत.

अडचण मुळातली

सिटकॉममध्ये काळ पुढे सरकत नाही. भागाच्या सुरुवातीला घरातली घडी विसकटते, वीस-बावीस मिनिटांत ती पुन्हा बसते आणि पुढच्या वेळी मागचे कोणालाच फारसे आठवत नसते. चिकट माणूस चिकटच राहतो, शेजारी विचारल्याशिवायच घरात शिरतो, लग्नाळू मुलाचे लग्न जमत नाही. प्रेक्षक याच खात्रीसाठी परत येतो. अखेरच्या भागाला नेमकी हीच खात्री मोडावी लागते. कोणाची बदली होते, कोणी घर सोडते, कुठे दुकानाला कुलूप लागते. त्यामुळे हसवणाऱ्या मालिकेतला हा बहुधा सर्वांत कमी हसवणारा भाग असतो. संगीत नाटकाला भरतवाक्य असते, व्रताची कहाणी 'साठा उत्तराची कहाणी पाचा उत्तरी सुफळ संपूर्ण' म्हणून हात जोडते. सिटकॉमला असा तयार साचा मिळालेला नाही. प्रत्येक मालिकेला आपला निरोप नव्याने शोधावा लागतो.

अमेरिकन वळण

सुरुवातीच्या अमेरिकन मालिका नुसत्याच थांबत. जुने भाग पुढे स्थानिक वाहिन्यांना विकायचे, ते कोणत्याही क्रमाने दाखवता आले पाहिजेत, मग शेवट कशाला, असा हिशेब होता. १९६७ मध्ये 'द फ्युजिटिव्ह' या मालिकेच्या समारोपाला प्रचंड प्रेक्षक लाभला आणि शेवटही विकला जातो हे वाहिन्यांच्या ध्यानात आले. ती मालिका विनोदी नव्हती. विनोदी मालिकांना ही वाट दाखवली ती 'द मेरी टायलर मूर शो'ने. १९ मार्च १९७७ रोजी दाखवलेल्या तिच्या शेवटच्या भागात वृत्तवाहिनीचा नवा मालक सगळ्यांना नोकरीवरून काढतो. कामावर राहतो तो फक्त टेड, म्हणजे ज्याला बातम्या धड वाचता येत नाहीत असा एकमेव माणूस. सगळे एकमेकांना मिठी मारून रडत उभे असतात, डोळे पुसायला कागदी रुमाल हवा असतो, पण मिठी सोडवत नाही. मग तो अख्खा घोळका तसाच चिकटलेला पावले सरकवत टेबलापर्यंत जातो. हसू आणि रडू एकाच हालचालीत बसवणारे याहून नेमके दृश्य सिटकॉमच्या इतिहासात क्वचितच सापडेल. शेवटी मेरी दिवा मालवते.

'मॅश' या लष्करी इस्पितळावरच्या मालिकेचा अखेरचा भाग २८ फेब्रुवारी १९८३ रोजी प्रक्षेपित झाला आणि अमेरिकेत तो सुमारे साडेदहा कोटी लोकांनी पाहिला. कोरियन युद्ध तीन वर्षांत संपले होते. त्यावरची ही मालिका अकरा हंगाम चालली. म्हणजे थांबलेला काळ इथे जरा जास्तच थांबला होता. शेवटी युद्धविराम होतो. मित्राला निरोपाचा शब्द तोंडाने उच्चारू न शकलेला डॉक्टर तो जमिनीवर दगडांनी लिहून जातो आणि वर उडालेल्या हेलिकॉप्टरमधून मित्राला तो दिसतो. या भागातल्या तीस सेकंदांच्या जाहिरातीला साडेचार लाख डॉलर मोजले गेले, अमेरिकन फुटबॉलच्या त्या वर्षीच्या सुपर बोल या अंतिम सामन्यातल्या जाहिरातीपेक्षाही जास्त. इथून पुढे निरोप हा वाहिन्यांचा सण झाला.

पुढची उदाहरणे दोन टोकांना विभागली गेली. १९९३ मध्ये 'चीअर्स'ने साधेपणा निवडला: बारमालक भिंतीवरचे वाकडे झालेले चित्र सरळ करतो, दारावर आलेल्या गिऱ्हाइकाला 'बंद आहे' सांगतो आणि आत जातो. १९९० मध्ये 'न्यूहार्ट'ने उलटा डाव टाकला. आठ हंगामांचा नायक शेवटी भलत्याच बिछान्यात जागा होतो. तो बिछाना त्याच नटाच्या १९७८ मध्ये संपलेल्या जुन्या मालिकेतला असतो, शेजारी त्या मालिकेतली बायको असते, आणि ही सगळी मालिका म्हणजे एक स्वप्न होते असे कळते. पाहुण्या अभिनेत्रीला चित्रीकरणापर्यंत लपवून ठेवले होते. स्वप्नाचा शेवट ही एरवी लेखकाची पळवाट. इथे ती विनोद म्हणून खपली, कारण तिला बारा वर्षांची जुनी ओळख पाठीशी होती.

'साइनफेल्ड'ची (१४ मे १९९८, सुमारे ७ कोटी ६० लाख प्रेक्षक) गोष्ट वेगळी. पात्रांनी मिठ्या मारायच्या नाहीत आणि काही शिकायचेही नाही, हा त्या मालिकेचा दंडक. तो पाळून लेखकाने चारही पात्रांना परक्या गावात खटला भरून तुरुंगात पाठवले आणि कोठडीत त्यांना शर्टाच्या बटणावरची तीच चर्चा करायला लावली, जी पहिल्या भागात झाली होती. नियमाला हा शेवट चोख होता, पण प्रेक्षक नाराज झाले. सव्वीस वर्षांनी, २०२४ मध्ये, लॅरी डेव्हिड या त्याच लेखकाने आपली दुसरी मालिका 'कर्ब युवर एन्थुझिॲझम' संपवताना स्वतःवरच तसाच खटला भरला, या खेपेला सुटका करून घेतली आणि जुना शेवटही असाच व्हायला हवा होता अशी कबुली पात्रांच्या तोंडी घातली. 'फ्रेंड्स'ने (६ मे २००४, सुमारे सव्वापाच कोटी) असा काही धोका पत्करला नाही. सहा मित्र रिकाम्या घरात किल्ल्या ठेवतात आणि कॉफी प्यायला निघतात. 'हाऊ आय मेट युवर मदर'चे मात्र आधीच ठरवलेल्या शेवटानेच नुकसान केले. बाप ज्यांना ही सगळी गोष्ट सांगत असतो ती मुले मोठी होऊन चेहरे बदलतील म्हणून त्यांचे शेवटचे दृश्य सुरुवातीच्या हंगामातच चित्रित करून ठेवले होते. २०१४ पर्यंत कथा आणि पात्रे दुसरीकडेच गेली होती, पण शेवट तोच वापरला.

ब्रिटिश मालिका मुळात थोड्या भागांच्या असतात. 'फॉल्टी टॉवर्स'चे एकूण बाराच भाग आहेत. त्यामुळे तिथे समारोपाचा गाजावाजा कमी. अपवाद १९८९ मधल्या 'ब्लॅकॲडर गोज फोर्थ'चा. पहिल्या महायुद्धातले खंदक, सगळा भाग विनोद, आणि शेवटी पात्रे खंदकाबाहेर पडून गोळ्यांत शिरतात. रणभूमीच्या जागी पॉपीच्या लाल फुलांचे शेत दिसू लागते.

मुंबईतली स्थिती

मुंबई दूरदर्शन केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झाले आणि त्याच दशकात दिलीप प्रभावळकर व बाळ कर्वे यांच्या 'चिमणराव'ने मराठी विनोदी मालिकेचा पाया घातला. १९८४ पासून 'ये जो है जिंदगी' आणि पुढे 'नुक्कड', 'वागळे की दुनिया' अशा मुंबईत बनलेल्या हिंदी मालिका आल्या. या काळात मालिकेचा शेवट कथा ठरवत नसे, मंजुरी ठरवी. दूरदर्शन तेरा-तेरा भागांच्या हिशेबाने परवानगी देई: १३, २६, ५२. लोकप्रियता असली तर मुदतवाढ मिळे; बावन्न भागांसाठी आखलेले 'रामायण' अठ्ठ्याहत्तरांवर गेले ते याच पाढ्याने. मुदतवाढ मिळेल की नाही याची वाट पाहणारा निर्माता पात्रांना कायमचा निरोप देण्याच्या भानगडीत पडत नसे. न जाणो, पुढचे तेरा मिळाले तर?

खाजगी वाहिन्या आल्यावर मंजुरीची जागा टीआरपीने घेतली. आकडे दर आठवड्याला येतात. ते घसरले की वाहिनीकडून निरोप येतो आणि लेखकाच्या हाती काही आठवडे, कधी त्याहूनही कमी वेळ उरतो. मग 'ट्रॅक गुंडाळायला' घेतात. मराठी दैनंदिन मालिकांत यातूनच 'महाअंतिम भाग' नावाचा एक ठोकळा तयार झाला आहे. दुरावलेले एकत्र येतात, खलनायिकेला उपरती होते, घरात पूजा किंवा लग्न निघते, सगळे कुटुंब चौकटीत उभे राहून फोटो काढते आणि प्रेक्षकांपुढे हात जोडते. विनोदी मालिकाही हाच ठोकळा उसना घेतात. वर्षानुवर्षे ज्यांच्या भांडणावर हसलो, त्यांना अर्ध्या तासात समेट करायला लावले जाते, हे त्या पात्रांवर अन्यायाचेच. इकडे ठाण्याच्या घोडबंदर रस्त्यावर, मढला किंवा गोरेगावच्या चित्रनगरीत शेवटचे पॅक-अप झाले की केक कापला जातो, आणि थोड्याच दिवसांत तो मजला नव्या मालिकेच्या दिवाणखान्याला मोकळा होतो.

मोजके वेगळे मार्ग निघाले. 'झी मराठी'वरची 'दिल दोस्ती दुनियादारी' मुंबईतल्या 'माजघर' नावाच्या घरात एकत्र राहणाऱ्या सहा तरुणांची. मार्च २०१५ मध्ये सुरू झालेली ही मालिका वर्ष पुरे व्हायच्या आत, तरुण प्रेक्षक ऐन भरात असताना थांबली. 'अजून हवी होती' ही हळहळ मराठी दैनंदिन मालिकेच्या वाट्याला सहसा येत नाही. 'आता पुरे' हीच येते. २०१७ मध्ये तेच कलाकार 'दिल दोस्ती दोबारा'त आले, पण पात्रे नवी आणि जागा एका उपाहारगृहाची. माजघरातली माणसे परत आली नाहीत, आणि त्यामुळे त्यांचा शेवट शाबूत राहिला.

मुंबईची खरी रीत मात्र शेवट करण्यापेक्षा परत येण्याची आहे. 'हम पाँच' १९९९ मध्ये थांबून २००५ मध्ये परतली. 'खिचडी' २००२ पासून कधी मालिका, कधी चित्रपट होऊन येतच राहिली. १९८८ च्या 'वागळे की दुनिया'तले वागळे २०२१ मध्ये आजोबा होऊन, त्याच अंजन श्रीवास्तव आणि भारती आचरेकर यांच्यासह, नव्या पिढीच्या घरात राहायला आले. कफ परेडच्या श्रीमंत घरातली 'साराभाई वर्सेस साराभाई' २००४ ते २००६ चालली; पुरेसा प्रेक्षक न मिळाल्याने बंद झाली आणि बंद झाल्यावर खरी लोकप्रिय झाली. २०१७ मध्ये तिचा छोटा दुसरा हंगाम इंटरनेटवर आला. ऑक्टोबर २०२५ मध्ये इंद्रवदन साकारणारे सतीश शाह गेले, तेव्हा अंत्यसंस्काराच्या ठिकाणी सहकलाकारांनी मालिकेचे शीर्षकगीत म्हटले. भेटले की ते गाणे म्हणायचे, अशी त्यांची नेहमीची पद्धतच होती.

दुसरे टोक म्हणजे 'तारक मेहता का उल्टा चश्मा'. २८ जुलै २००८ पासून चालू असलेल्या या मालिकेने चार हजारांहून अधिक भाग पार केले आहेत. गोरेगाव पूर्वेची काल्पनिक गोकुळधाम सोसायटी कधीच रिकामी होत नाही. कलाकार मालिका सोडून जातात, काहींचे निधनही झाले. पात्रे मात्र नवे चेहरे घेऊन तिथेच राहतात. दया माहेरी गेली ती २०१७ पासून, पण ती घर सोडून गेली असे कोणी म्हणत नाही. टप्पूची भूमिका एकाहून अधिक मुलांनी केली आहे. काळ थांबवण्याची सिटकॉमची सवय इथे पराकोटीला पोचली आहे, आणि अशा मालिकेला शेवट लिहायचा तर कोणाला, हा प्रश्न तिच्या निर्मात्यांपेक्षा तिच्या प्रेक्षकांनाच अधिक अवघड जाईल.

पुनःप्रक्षेपण

केबल आल्यावर मुंबईच्या महाविद्यालयीन पिढीने अमेरिकन सिटकॉम पाहिले ते बहुतांशी पुनःप्रक्षेपणात. वाहिनीवर अखेरचा भाग संपला की दुसऱ्या दिवशी त्याच वेळेला पहिला भाग लागे. त्यामुळे किल्ल्या ठेवून निघालेले 'फ्रेंड्स' अनेकांनी मधले कित्येक भाग पाहण्याआधीच पाहिले होते, आणि २०२१ मध्ये कलाकारांच्या पुनर्भेटीचा कार्यक्रम 'झी५'वर आला तेव्हा तो पाहणाऱ्यांत मूळ प्रक्षेपणाच्या वेळी शाळेतही नसलेली मुले होती. २०२० च्या टाळेबंदीत दूरदर्शनने 'देख भाई देख' आणि 'श्रीमान श्रीमती' पुन्हा दाखवल्या. ॲपवर तर प्रेक्षक स्वतःच भागांचा क्रम ठरवतो. 'हाऊ आय मेट युवर मदर' पुन्हा पाहताना शेवटचा भाग लावायचाच नाही, असे ठरवणारे प्रेक्षकही आहेत.