उलटलेला गॅस टँकर: भरलेला उचलायचा की आधी रिकामा करायचा?

घोडबंदर रोडवर, मुंब्रा बायपासच्या उतारावर किंवा ठाणे-बेलापूर रस्त्यावर एलपीजीचा टँकर आडवा झाला की जागेवरच एक वाद उभा राहतो. गाडी भरलेल्या टाकीसकट क्रेनने उभी करायची, की आधी गॅस दुसऱ्या टँकरमध्ये काढून घ्यायचा? रस्ता मोकळा करायला आलेल्यांचं उत्तर एक असतं, गॅस हाताळणाऱ्यांचं दुसरं. दोघांनाही घाई असते आणि दोघांच्याही घाईला कारण असतं.

जुन्या काळाबद्दल थोडक्यात. माहुलच्या रिफायनऱ्या १९५० च्या दशकातल्या, ठाणे-बेलापूर पट्ट्यातले कारखाने मुख्यतः १९६० नंतरचे. पेट्रोलियमसाठी १९३४ चा कायदा होता, दाबाखालच्या गॅसच्या टाक्यांसाठी १९८१ चे नियम आले. टाकी कशी बनवावी, किती भरावी, कधी तपासावी हे त्यात नीट होतं. ती रस्त्यावर उलटली तर पुढे काय, हे अग्निशमन दलाच्या अनुभवावर राहिलं.

१९८४ मध्ये भोपाळ झालं, १९८६ मध्ये पर्यावरण संरक्षण कायदा आला. १९८९ मध्ये घातक रसायनांचे नियम आले, त्याच वर्षी केंद्रीय मोटार वाहन नियम आले, आणि त्याच वर्षी न्हावा-शेवाचं बंदरही सुरू झालं. म्हणजे नियम कागदावर येत असतानाच उरण-कळंबोली-शिळफाटा-मुंब्रा-माजिवडा-घोडबंदर ही गुजरातकडे जाणारी जड वाहतुकीची वाट घडत होती.

मोटार वाहन नियमांतले १२९ ते १३७ हे या विषयाचा कणा. टँकरच्या दोन्ही बाजूंना आणि मागे माहितीफलक हवा: पदार्थाचं नाव ५० मिलिमीटर उंचीच्या अक्षरांत, संयुक्त राष्ट्रांचा क्रमांक १०० मिलिमीटरच्या आकड्यांत, धोक्याचं चौकोनी चिन्ह किमान २५० मिलिमीटरचं, शिवाय आपत्कालीन फोन आणि माल पाठवणाऱ्याचा फोन. केबिनमध्ये ट्रेम कार्ड, म्हणजे माल कोणता आणि अपघातात काय करायचं हे सांगणारं कार्ड. चालकाला खास प्रशिक्षण. अपघात झाल्यास चालकानेच जवळच्या पोलीस ठाण्याला आणि मालकाला कळवायचं. गाडी डाव्या कुशीवर पडली की डावा फलक गाडीखाली जातो, केबिन चेपली की ट्रेम कार्ड आत अडकतं, आणि कळवणारा चालक बहुधा जखमी असतो. मागचा फलक स्वच्छ आणि वाचता येण्याजोगा ठेवणं म्हणूनच फार महत्त्वाचं.

१९९६ च्या रासायनिक अपघात नियमांनी केंद्रापासून स्थानिक पातळीपर्यंत चार थरांचे गट उभे केले आणि आपल्या व्याख्यांमध्ये वाहतूकही घेतली. सराव मात्र कारखान्याचं गेट धरूनच होत राहिले. कारखान्याला पत्ता असतो, नकाशा असतो, जबाबदार व्यवस्थापक असतो. घोडबंदर रोडवर गायमुखच्या चढावर पडलेल्या टँकरपाशी वाहतूक पोलीस, अग्निशमन, महापालिका, तेल कंपनीचं पथक आणि क्रेनवाला असे पाच जण असतात. उचला की थांबा, हा शब्द कोणाचा, ते नियमांत सरळ सांगितलेलं नाही.

आता मूळ वाद. लांबट गोल टाकीच्या मोठ्या बुलेट टँकरमध्ये साधारण १८ टन गॅस असतो, गाडीसकट वजन पस्तीस टनांच्या आसपास. जागेवर आधी पोचतो तो हायड्रा, म्हणजे छोटी फिरती क्रेन. त्याच्यावर बारा-पंधरा टन लिहिलेलं असतं, पण ती क्षमता बूम, म्हणजे क्रेनचा हात, आखूड असतानाची. बूम लांबवला की ती झपाट्याने घटते. मग उचलण्याऐवजी ओढणं सुरू होतं. डांबरावर आणि दुभाजकाच्या काँक्रीटवर पत्रा घासतो, ठिणग्या उडतात. टाकी चेसिसला जिथे बांधलेली असते तिथले बोल्ट उलटतानाच ताणलेले असतात. वायर रोप चेसिसला अडकवून ओढलं तर चेसिस वर येते आणि टाकी मागेच राहते. त्या हिसक्यात मागचे पाइप आणि व्हॉल्व्ह तुटतात.

दुसरा धोका सेफ्टी व्हॉल्व्हचा. तो टाकीच्या माथ्यावर, वाफेच्या जागेत असतो. गाडी कुशीवर पडली की भरलेल्या टाकीत तो द्रवाखाली जातो. उन्हाने दाब वाढून तो उघडला तर वाफेऐवजी द्रव बाहेर पडतो, आणि एक लिटर द्रवाची सुमारे अडीचशे लिटर वाफ होते. ही वाफ हवेपेक्षा जड, नाल्यांत आणि तळघराच्या पार्किंगमध्ये उतरते. हवेतलं प्रमाण सुमारे २ ते ९.५ टक्के असलं की ठिणगीची वाट पाहते.

भरलेला टँकर उचला म्हणणाऱ्यांची बाजूही पोकळ नाही. रस्ता बंद राहिला की मागे शेकडो गाड्या इंजिन चालू ठेवून गॅसच्या टप्प्यात उभ्या राहतात, रुग्णवाहिका अडकतात, ऊन चढतं. ठाण्यात जड वाहनांना दिवसा ठरावीक तासच खुले असतात, त्यामुळे टँकर रात्री एकामागोमाग सुटतात. पहाटे उलटलेला टँकर काही तासांतच पाटलीपाडा-वाघबीळच्या शाळेच्या बसना आडवा येतो.

गॅस काढून घेणं सोपं आहे असंही नाही. टँकर सरळ उभा असतो तेव्हा द्रवाची लाइन तळातून निघते आणि वाफेची वरून. पूर्ण उताणा पडला तर भूमिका उलटतात: वाफेच्या लाइनमधून द्रव येतो. बरोबर कुशीवर पडला तर दोन्ही तोंडं मध्यावर येतात, म्हणजे मध्याच्या वरचाच माल द्रवरूपात निघतो आणि उरलेला वाफ करूनच काढावा लागतो. वाफ काढताना द्रव थंड होतो, दाब पडतो, काम रेंगाळतं. दोन्ही टँकर एकमेकांना आणि जमिनीला अर्थिंगने जोडायचे, पथदिव्यांचा वीजपुरवठा तोडायचा, होज जोडून व्हॉल्व्ह हळू उघडायचा. घाईने उघडला तर एक्सेस फ्लो व्हॉल्व्ह (प्रवाह फार वाढला की आपोआप मिटणारा) खटकन बंद होतो आणि लाइन तुंबल्यासारखी वाटते. कॉम्प्रेसर रिकाम्या टँकरमधली वाफ ओढून उलटलेल्यात ढकलतो, त्या दाबाने द्रव पलीकडे जातो. शेजारी हवेतला गॅस मोजणारा डिटेक्टर घेतलेला माणूस. वाचन पेट घेण्याच्या खालच्या मर्यादेच्या २० टक्क्यांवर गेलं की काम बंद.

टाकीवर खोल चर, तडा किंवा वेल्डवर पोचा असेल तर उचलण्याचा विचारही करू नये. टाकी शाबूत, गळती शून्य, दोन मोठ्या क्रेन आणि सॅडलजवळ (टाकी टेकते त्या आधाराजवळ) घालायला रुंद पट्टे हाताशी असतील तर भरलेली गाडी उभी करता येते. निम्मी रिकामी केलेली तर अधिक निर्धास्तपणे, फक्त उरलेला द्रव हेलकावतो हे धरून. हायड्रा आणि वायर रोप एवढंच असेल तर थांबणंच योग्य. गळणाऱ्या व्हॉल्व्हवर ज्योत लागलेली असेल आणि गळती बंद करता येत नसेल तर ज्योत विझवायची नाही. टाकीवर पाणी मारत ती थंड ठेवायची. साचलेल्या द्रवावर जोरदार धार मारली तर बाष्पीभवन वाढतं, म्हणून फवारा धुक्यासारखाच.

बाहेरच्या घटनांनी पारडं थोडं हलवलं. २७ ऑगस्ट २०१२ ला केरळात कण्णूरजवळच्या चाला इथे एलपीजी टँकर दुभाजकाला धडकून उलटला, पसरलेला गॅस पेटला आणि वीस जण गेले. २० डिसेंबर २०२४ च्या पहाटे जयपूरच्या भांक्रोट्याजवळ वळण घेणाऱ्या टँकरला ट्रक धडकला, मागचे व्हॉल्व्ह तुटले आणि क्षणात रस्ता पेटला. दोन्हीकडे माणसं हलवायला पुरेसा वेळ नव्हता. मोठी गळती असेल तर वाऱ्याच्या दिशेने ८०० मीटर, टाकीला आग लागली असेल तर सगळीकडे १६०० मीटर, ही अंतरं जगभर वापरली जातात. घोडबंदरच्या टॉवरांमध्ये ८०० मीटर म्हणजे कित्येक सोसायट्या.

ॲसिडच्या टँकरचं गणित वेगळं. दहा टन तीस टक्के हायड्रोक्लोरिक ॲसिड मारायला, म्हणजे निष्प्रभ करायला, साडेचार टनांच्या आसपास सोडा ॲश (धुण्याचा सोडा) लागतो. तेवढा रस्त्यावर वेळेत येत नाही, म्हणून पाणी मारून नाल्यात सोडलं जातं आणि नाला खाडीला मिळतो. ठाणे खाडी २०१५ पासून फ्लेमिंगो अभयारण्य आणि २०२२ पासून रामसर क्षेत्र, म्हणजे आंतरराष्ट्रीय महत्त्वाची पाणथळ जागा, आहे. मातीचे बांध घालून ॲसिड अडवायचं, मग टप्प्याटप्प्याने मारायचं, हे आता तरी आधी व्हायला हवं.

गॅसच्या बाबतीत खरा वेळ उपसण्यापूर्वीच जातो. रिकामा टँकर, कॉम्प्रेसर आणि होज घेऊन येणारी गाडी त्याच कोंडीत अडकते. टँकर उलटल्याची खबर मिळताच समोरच्या बाजूची एक मार्गिका राखून ठेवली आणि रिकामा टँकर त्याच क्षणी निघाला, तर भरलेला उचलण्याचा आग्रह धरणाऱ्यांचं सगळ्यात मोठं कारण बऱ्याच अंशी निघून जातं.