श्रमाच्या आधारावर चालणारे माध्यमिक विद्यालय : सातारा आणि शिकागो

गरीब घरांतील मुलांसाठी काढलेले आणि ज्याच्या खर्चाचा मोठा वाटा विद्यार्थ्यांच्याच कामातून उभा राहतो असे विद्यालय. या प्रकाराची दोन ठळक रूपे आहेत. एक, कर्मवीर भाऊराव पाटील यांनी साताऱ्यात रुजवलेली ‘कमवा व शिका’ पद्धत. दुसरे, अमेरिकेतील शिकागो शहरात जेझुइट या कॅथलिक संघाच्या धर्मगुरूंनी १९९६ मध्ये सुरू केलेले क्रिस्तो रे हे कॅथलिक हायस्कूल. काळ, धर्म, भूगोल यांपैकी कशाचाच मेळ नाही. प्रश्न मात्र दोन्हीकडे एकच होता. ज्या घरातून फी येणार नाही, त्या घरच्या मुलाच्या मास्तरांचा पगार कोणी द्यायचा?

साताऱ्याचे उत्तर आधीचे. भाऊरावांच्या वसतिगृहाचा पहिला प्रयोग आजच्या सांगली जिल्ह्यातील दुधगावचा, १९१० च्या सुमाराचा. १९१९ मध्ये कराडजवळच्या काले गावी रयत शिक्षण संस्था स्थापन झाली आणि १९२४ मध्ये तिचे ठाणे साताऱ्यात आले. त्याच वर्षी साताऱ्यात सर्व जातींच्या मुलांचे वसतिगृह निघाले. १९२७ मध्ये महात्मा गांधींनी त्याला छत्रपती शाहू महाराजांचे नाव दिले. धनिणीच्या बागेतील या बोर्डिंगात मुले एकत्र राहत, आपले जेवण आपणच रांधत आणि एका पंक्तीला बसत. त्या काळी ही पंगतच मोठी गोष्ट होती. घरोघरच्या मूठमूठ धान्यावर कोठार चाले. ते रिकामे झाले तेव्हा भाऊरावांच्या पत्नी लक्ष्मीबाई यांनी मंगळसूत्रही विकले, ही हकीकत सातारकरांना सांगावी लागत नाही. १९४० मध्ये निघालेले महाराजा सयाजीराव हायस्कूल हे संस्थेचे पहिले हायस्कूल. तिथेही शेतात, बांधकामावर, स्वयंपाकघरात राबून शिकायचे हाच शिरस्ता होता. संस्थेचे ब्रीदच ‘स्वावलंबी शिक्षण’ असे आहे.

भाऊरावांनी स्वतः किर्लोस्करांचे नांगर विकले होते, कूपरच्या कारखान्यातही काम केले होते. म्हणजे कारखानदारी त्यांना अनोळखी नव्हती. तरी मुलांच्या हाती त्यांनी दिली ती कुदळ आणि पाटी. मालक परका नको, हे त्यामागचे कारण असावे असे वाटते. जमीन संस्थेची, पीक संस्थेचे, ताटातली भाकरीही त्यातलीच. या व्यवस्थेलाही सरकारी अनुदानाची जोड लागत होतीच. १९४८ मध्ये मुंबई सरकारने ते बंद केले तेव्हा संस्था अडचणीत आली. पुढे अनुदान पुन्हा सुरू झाले. त्यासाठी गाडगे महाराजांनी तेव्हाचे मुख्यमंत्री बाळासाहेब खेर यांच्याकडे शब्द टाकला होता, असे सांगितले जाते.

अमेरिकेतील शहरी कॅथलिक शाळेची गोष्ट उलट दिशेने जाते. तिथे आधी शाळा जवळजवळ मोफत होती, मग महाग झाली. १८८४ मध्ये बॉल्टिमोर येथे भरलेल्या बिशपांच्या परिषदेने प्रत्येक चर्चशेजारी शाळा असावी असा आदेश दिला. आयरिश, इटालियन, पोलिश स्थलांतरितांची मुले या शाळांत शिकली. फी नाममात्र असे, कारण वर्गावर नन उभ्या असत आणि त्यांना पगार नव्हता, फक्त निर्वाहापुरते मिळे. १९६० च्या दशकात या शाळांतील पटसंख्या ५० लाखांवर गेली. त्यानंतर व्रत घेणाऱ्या स्त्रियांची संख्या झपाट्याने घटली, त्यांच्या जागी पगारी शिक्षक आले, आणि जुनी कॅथलिक वस्ती उपनगरांकडे सरकली. रिकाम्या झालेल्या मोहल्ल्यांत कृष्णवर्णीय आणि लॅटिन अमेरिकी कुटुंबे राहायला आली. म्हणजे दारात खरोखर गरीब मूल येऊन उभे राहिले ते नेमके शाळेला फी वाढवावी लागली तेव्हा. शेकडो शाळांना टाळे लागले. सरकारकडे हात पसरण्याचीही सोय नव्हती, कारण धार्मिक शाळांतील शिक्षकांच्या पगाराला सरकारी पैसा देणारे कायदे तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने १९७१ मध्ये रद्द ठरवले.

हा मुद्दा महाराष्ट्रातील वाचकाला चटकन पटत नाही. आपल्याकडे संविधानाच्या अनुच्छेद ३० नुसार अनुदान देताना शाळा अल्पसंख्याकांची आहे म्हणून राज्याला भेदभाव करता येत नाही. अनुदानित मिशन शाळेतल्या बाई आणि शेजारच्या रयतच्या शाळेतले सर यांचा पगार एकाच तिजोरीतून होतो. अट एवढीच, की अनुच्छेद २८ प्रमाणे अशा शाळेत कोणालाही संमतीशिवाय धर्मशिक्षणाला बसवता येत नाही.

शिकागोच्या पिल्सेन भागात मेक्सिकन वंशाच्या कामगारांची दाट वस्ती. तिथे हायस्कूल काढायचे ठरले तेव्हा तीच पैशांची अडचण पुढे आली. तोडगा निघाला तो असा. चार विद्यार्थी मिळून एका पूर्णवेळ नोकरीची जागा भरतात. प्रत्येक जण आठवड्यातून एक दिवस आणि महिन्यातून एखादा जादा दिवस, असे महिन्याला पाच दिवस कामावर जातो. उरलेले दिवस वर्गात. बँका, वकिलांच्या कचेऱ्या, रुग्णालये, विमा कंपन्या अशा ठिकाणी टपाल लावणे, फाइली जुळवणे, संगणकावर नोंदी करणे ही कामे असतात. मोबदला मुलाच्या हाती न पडता शाळेकडे जातो आणि त्याच्या शिक्षणाच्या खर्चात वळता होतो. उरलेला भार देणगीदार उचलतात, पालक ऐपतीप्रमाणे थोडी फी भरतात. पहिल्या वर्षाच्या आधी उन्हाळ्यात मुलांना फोनवर बोलणे, कपडे, वेळ पाळणे यांचे शिक्षण दिले जाते. कामाच्या दिवसांची भरपाई करायला शाळेचा दिवस लांबवलेला असतो.

शाळेचे पहिले अध्यक्ष फादर जॉन फोली यांनी त्याआधी अनेक वर्षे पेरूमध्ये काम केले होते. २००८ मध्ये त्यांना अमेरिकी राष्ट्राध्यक्षांच्या हस्ते नागरी पदक मिळाले. या नमुन्यावर पुढे इतर शहरांत शाळा निघाल्या आणि त्यांचे एक जाळे तयार झाले. प्रवेशासाठी उत्पन्नाची मर्यादा असते; कॅथलिक असण्याची अट नसते.

पैसा उभा करायला काढलेली ही युक्ती निघाली भलतीच फलदायी. ज्या मुलाच्या घरात कोणी कधी कचेरीत बसलेले नाही, त्याला पंधराव्या वर्षी कचेरीची रीत कळते, चार मोठ्या माणसांची ओळख होते. गावाकडे ज्याला आपण ‘वट’ म्हणतो, ती या मुलांना शाळेच्या मार्फत मिळते. साताऱ्याच्या पद्धतीत ही बाजू नव्हती. तिथे मुलाला मिळाले ते श्रमाचा संकोच नसणे आणि शेजारी जेवणाऱ्याची जात न विचारणे. टीका शिकागोवर अधिक होऊ शकते, कारण तिथे मुलाच्या श्रमाचा खरा ग्राहक नफ्यासाठी चालणारी कंपनी आहे. त्याच्या वर्गातल्या यशाचा आणि साहेबाच्या समाधानाचा नको तितका जवळचा संबंध येतो.

सातारा-सांगलीत क्रिस्तो रेसारखी शाळा निघू शकेल का? कायदा सरसकट आड येत नाही. बालकामगार कायद्यातील २०१६ च्या दुरुस्तीनंतर १४ वर्षांखालील मुलाला कामाला लावणे बंद आहे (घरच्या कामातली मदत आणि कलाकार म्हणून काम यांना सवलत आहे), तर १४ ते १८ वयोगटाला धोकादायक कामांची मनाई आहे. कचेरीचे काम त्यात येत नाही. अमेरिकेतही शाळेच्या वेळेत १४-१५ वर्षांच्या मुलांना काम करू देण्यासाठी २०१० मध्ये नियमांत खास तरतूद करावी लागली. खरी अडचण बाजाराची आहे. शिकागोत टपाल लावणारा माणूसही महाग पडतो, म्हणून चार मुलांच्या जागेला भाव येतो. सांगलीच्या मार्केट यार्डात हळदीच्या पेढीवर किंवा कुपवाडच्या एमआयडीसीतल्या कचेरीत बी.कॉम. झालेला तरुण थोडक्या पगारात मिळत असताना नववीतल्या चौघांसाठी कोण मोजून पैसे देईल? त्या पैशांत शाळा चालणार नाही. ओळखी मात्र होतील.

इथल्या कॅथलिक शाळांचे चित्रही वेगळे आहे. पुणे धर्मप्रांत (कॅथलिक चर्चचा बिशपच्या अखत्यारीतला विभाग) १८८६ मध्ये स्थापन झाला. सातारा व सांगली त्यातच येतात. इथला कॅथलिक समाज लहान. पाचगणीचे सेंट जोसेफ कॉन्व्हेंट १८९५ पासूनचे, तेही निवासी आणि खर्चिक. या भागात कॅथलिक शाळा म्हटले की इंग्रजी माध्यम आणि फी भरणारा पालक डोळ्यांपुढे येतो, आणि पटावरची बहुतेक मुले ख्रिस्ती नसतात. शिक्षणहक्क कायद्यातील २५ टक्के जागांची अट अल्पसंख्याक शाळांना लागू नाही, असा सर्वोच्च न्यायालयाचा २०१४ चा निर्णय आहे. शिवाय तो कायदा आठवीपर्यंतच जातो. त्यामुळे नववी-दहावीसाठी इथले गरीब मूल आजही मुख्यतः रयत, जिल्ह्यातल्या इतर अनुदानित संस्था किंवा नगरपालिकेची शाळा याच दारांशी जाते.