देसाई, वसंत

वसंत देसाई (९ जून १९१२–२२ डिसेंबर १९७५) हे मराठी व हिंदी चित्रपटसृष्टीतील थोर संगीतकार होत. त्यांचा जन्म कुडाळजवळील सोनवडे या गावी झाला. कोल्हापूरच्या प्रभात फिल्म कंपनीत ते हरकाम्या म्हणून वावरत, लहानसहान भूमिका करत आणि गात; पडेल ते काम करता करताच चित्रपटसंगीताची घडण त्यांनी जवळून पाहिली. गोविंदराव टेंबे, केशवराव भोळे आणि मास्टर कृष्णराव यांचे संगीत त्या काळी प्रभातच्या चित्रपटांतून घडत होते. उमेदवारीसाठी याहून चांगली शाळा क्वचितच कुणाला लाभली असेल.

व्ही. शांताराम यांनी १९४२ मध्ये राजकमल कलामंदिर ही संस्था काढली, तेव्हा देसाई त्यांच्याबरोबर मुंबईस आले. ‘शकुंतला’ (१९४३) पासून त्यांचे नाव झाले. होनाजी बाळा या शाहिराच्या जीवनावरील ‘अमर भूपाळी’ (१९५१) मधील ‘घनश्याम सुंदरा’ ही भूपाळी पंडितराव नगरकर व लता मंगेशकर यांच्या आवाजात घरोघरी पोचली. आचार्य अत्रे यांच्या ‘श्यामची आई’ (१९५३) साठी त्यांनी दिलेली ‘भरजरी गं पितांबर’ची चाल ओवीइतकी साधी वाटते, हा साधेपणा मात्र मोठ्या अभ्यासातून आलेला आहे.

देसाईंच्या रागदारीवरील प्रभुत्वाची नेहमी प्रशंसा होते आणि ती योग्यच आहे. ‘झनक झनक पायल बाजे’ (१९५५) चे शीर्षकगीत त्यांनी अडाणा रागात बांधून उस्ताद अमीर खाँ यांच्याकडून गाऊन घेतले, ‘गूँज उठी शहनाई’ (१९५९) मध्ये उस्ताद बिस्मिल्ला खाँ यांची सनई वाजली, तर ‘गुड्डी’ (१९७१) साठी वाणी जयराम यांनी गायिलेले ‘बोले रे पपीहरा’ मियाँ की मल्हार या रागात आहे. तरीही त्यांचे खरे वेगळेपण समूहाने गावयाच्या चालींत दिसते. अमीर खाँसारख्या गवयाच्या गळ्याची जाण असलेला हा संगीतकार शाळकरी मुलाच्या गळ्याचाही तितकाच विचार करी. चाल आटोपशीर पट्टीत फिरते, दम तुटेल अशी लांब ओळ येत नाही आणि शब्दाचा अर्थ कोठेही झाकला जात नाही. औंध संस्थानातील स्वतंत्रपूरच्या खुल्या तुरुंगाच्या प्रयोगावरून सुचलेल्या ‘दो आँखें बारह हाथ’ (१९५७) मधील ‘ऐ मालिक तेरे बंदे हम’ आणि ‘गुड्डी’तील ‘हमको मन की शक्ति देना’ ही गीते त्यामुळेच शाळांच्या प्रार्थना झाली. ती म्हणणाऱ्या अनेक मुलांना ती चित्रपटातली आहेत हे ठाऊकही नसते. शाळकरी मुलांना समूहगीते शिकविण्याचे कामही त्यांनी आवडीने केले.

कांचीचे शंकराचार्य चंद्रशेखरेंद्र सरस्वती यांच्या ‘मैत्रीं भजत’ या संस्कृत रचनेला देसाईंनी चाल दिली, आणि एम. एस. सुब्बुलक्ष्मी यांनी ती ऑक्टोबर १९६६ मध्ये संयुक्त राष्ट्रसंघात गायिली. ‘पंडितराज जगन्नाथ’सारख्या मराठी संगीत नाटकांनाही त्यांचे संगीत लाभले. मुंबईत उद्वाहकाच्या अपघातात त्यांचे निधन झाले.