जुन्या फिल्ममधली माणसं तुरुतुरु का पळतात?

‘जुने कॅमेरे कच्चे होते, म्हणून त्या फुटेजमध्ये माणसं तुरुतुरु पळतात’ असं वर्षानुवर्षं फिरतं. डोळ्यांना तसंच दिसतं, त्यामुळे पटतंही. पण दोष कॅमेऱ्याचा नाही, वेग न जुळण्याचा आहे.

मूकपटांच्या काळात कॅमेरा हाताने फिरवत. हँडलच्या एका फेऱ्यात साधारण ८ फ्रेम (एकेक स्थिर चित्र), सेकंदाला दोन फेरे, म्हणजे १६. बोलपटांनी २४ पक्के केले. १६ ची फिल्म २४ ने चालवली की सगळं दीडपट वेगाने घडतं. (१६ हाही काही नियम नव्हता, हातागणिक १८, २०, २२ सापडतात.)

तपासायला फुटेजमध्ये पडणारी वस्तू शोधा. टोपी नको, ती तरंगते, दगड चालेल. एक मीटर पडायला ०.४५ सेकंद लागतात, म्हणजे एडिटिंग सॉफ्टवेअरमधल्या २४ च्या टाइमलाइनवर ११ फ्रेम. ७ फ्रेममध्येच खाली आला, तर मूळ वेग १६ च्या आसपास. मग क्लिपचा वेग ६६.६७ टक्के करा आणि फ्रेम ब्लेंडिंग (शेजारच्या फ्रेम एकमेकींत मिसळणं) बंद ठेवा, नाहीतर हलत्या हाताला भुतासारखी दुसरी कड येते.

त्याआधी एकेक फ्रेम सरकवून बघा. काही प्रतींत दर दुसरी फ्रेम आधीच दोनदा छापलेली असते, म्हणजे १६ चे २४ करून वेग आधीच जुळवलेला असतो. तिथे वेग आणखी कमी केला की माणसं गुडघाभर पाण्यातून चालल्यासारखी दिसतात.