रोल का उलगडतो? क्रिओल सुशी किट घेणाऱ्यांसाठी

‘नोरी चिवट निघाली’, ‘कापताना रोल फुटला’, ‘भात बाहेर आला’. तक्रारी तीन, पण कारण बहुतेक वेळा एकच निघतं: सारण गरम किंवा ओलं होतं.

नोरी म्हणजे समुद्रशेवाळाचा वाळवलेला पातळ पापुद्रा. ओलावा दिसला की तो शोषणारच. नेहमीच्या सुशीत काकडी किंवा मासा असतो, तिथे हे फारसं जाणवत नाही. अमेरिकेतल्या लुइझियाना राज्याच्या क्रिओल स्वयंपाकाचा जीव मात्र रश्शात. कांदा, सेलरी आणि ढोबळी मिरची या तिथल्या त्रिकुटाला परतलं की पाणी सुटतं, कोळंबीचं वेगळंच. हे सगळं कढईतून थेट भातावर घातलं, तर गुंडाळी होईपर्यंत वाफेनेच नोरी लिबलिबीत होते.

म्हणून त्रिकूट अगदी बारीक चिरा आणि पाणी पूर्ण आटेपर्यंत परता. कोळंबी त्यात टाकू नका. तिला मसाला चोळून मोठ्या आचेवर वेगळी शिजवा, ताटात पसरा, गार झाली की कागदी रुमालाने टिपून घ्या. घाईत हीच पायरी गळते. क्रॉफिश (गोड्या पाण्यातली, छोट्या शेवंडीसारखी) मिळाली तर उत्तमच, तीही पूर्ण शिजवूनच. कच्चा मासा या रोलमध्ये आम्ही मुद्दामच ठेवलेला नाही.

रेमुलाडचं, म्हणजे किटमधल्या चटकदार सॉसचं, पाकीट लहान का, असं पुष्कळजण विचारतात. ते आत भरायचं नाहीच! रोल कापून झाल्यावर प्रत्येक तुकड्यावर थेंबभर, बस्स. मसाला अळणी लागतो, हेही खरं आहे. पाप्रिका, कायेन मिरची, लसूण, थाइम, ओरेगॅनो सगळं आहे, फक्त मीठ नाही. भाताला मीठ लागलेलं असतं, वर खारट मसाला आला की तोंडात दुसरं काही उरत नाही.

भातासाठी किटमधला आखूड दाण्याचाच तांदूळ घ्या, लांब दाण्याचा एकमेकांना धरत नाही. 2 कप तांदळाला 60 मिली तांदळाचं व्हिनेगर, 2 टेबलस्पून साखर, 1 टीस्पून मीठ. हे मिश्रण गरम भातातच कालवायचं, पण गुंडाळताना भात हाताला कोमट लागला पाहिजे. फ्रिजमध्ये गार करू नका, दाणा कडक होतो.

नोरीची खरखरीत बाजू वर, पलीकडच्या कडेला 2 सेंटिमीटर पट्टी मोकळी. सुरी प्रत्येक कापाआधी ओल्या फडक्याने पुसा.

नोरीची सुटी पाकिटंही आमच्याकडे मिळतात. पण उघड्या पाकिटातली सादळली असेल, तर नवी मागवण्याआधी मंद आचेवरून दोन-चार सेकंद फिरवून पाहा. बहुतेक वेळा ती पुन्हा कुरकुरीत होते.